शेऱ्याचा रकाना

पाणी वापर संस्थेच्या रजिस्टरात सहा रकाने:
नाव, गट नंबर, क्षेत्र, दार उघडलं, दार मिटलं, शेरा.
पाच भरता येतात बॅटरीच्या उजेडात.
सहाव्यापाशी पेन थांबतं.

कृष्णा इथून लांब. आणि खाली.
म्हैसाळहून तिला उचलत, पाइपातून रेटत
टप्प्याटप्प्यानं जतच्या माळावर चढवतात.
आमच्या सात नंबर चारीला येईस्तोवर
ती नदी उरलेली नसते,
तास झालेली असते, मिनिटं झालेली असते,
आणि वीजबिल.

यंदा ठराव झाला: पाळी टेलपासून.
म्हणजे दऱ्याप्पाच्या दारावरनं पाणी जाणार
आणि दऱ्याप्पा बघत बसणार.
"बरं, वाटेत चारी पिती ते कुणाच्या नावावर, अक्का?
भेगा हायत, उंदरांची बिळं हायत."
मी म्हटलं, चारीच्या.
"चारीला कुठला गट नंबर?"
तो हसला नाही. मीही नाही.
ठरावाला हात वर करणाऱ्यांत पहिले
माझे सासरे होते.

रात्री दहाला दार उघडलं.
चाकाला सव्वीस आटे, मी मोजते,
अंधारात मोजलेलं बरं असतं.
टेलला बाळाक्का, अर्धा एकर गवार.
तिचा न् माझा करार: एक मिस कॉल म्हणजे आलं,
दोन म्हणजे न्हाई.
टेलला पाण्याआधी बातमी पोचते,
कैक वर्षं नुसती बातमीच पोचायची.

साडेअकराला पोचायला हवं होतं.
बारा वाजले.
फोन थरथरला. थांबला.
पुन्हा थरथरला.

मग चालत गेले चारीच्या कडेनं.
वरच्या मापपट्टीवर नऊ बोटं,
मोरीखाली पाच.
चार बोटं पाणी कुठं उतरलं
हे कानांनी शोधावं लागतं.
कडब्याच्या पेंढीखाली काहीतरी घोट घेत होतं.

काळा पाइप, मनगटाएवढा.
मी ओळखला.
गेल्या दिवाळीनंतर मीच जतहून आणलेला
एसटीच्या टपावर टाकून,
कंडक्टरशी भांडून.

सासरे बाभळीखाली, बॅटरी विझवून.
"डाळिंबाला बहर धरलाय, कस्तुरा.
फूल गळाय लागलंय.
झाडाला काय सांगू, आठ दिवस कळ काढ?"

मला सांगता आलं असतं पुष्कळ काही,
सभेतला हात, ठरावाची तारीख.
डाळिंब माझंही होतं.
त्या फुलांची नावं सोडून सगळं मला ठाऊक होतं,
कुठल्या ओळीत किती, कुठल्या फांदीवर तेलकट डाग.
मी पाइप उपसला.
त्यानं एक आचका दिला,
तोंडातलं पाणी माझ्या पायावर ओतलं
आणि पडून राहिला.

लिहिलं मग, गुडघ्यावर रजिस्टर ठेवून:
बिरू सिदू व्हनमाने. गट एकशे बारा.
विनापरवाना, चाळीस मिनिटं.
पुढच्या पाळीतून दुप्पट वजा.
अक्षर नेहमीपेक्षा चांगलं आलं,
याचा नंतर राग आला.

एकवीसला एक मिस कॉल. एकच.
वाट पाहिली, दुसरा आला नाही.

सकाळी भाकरी थापत होते.
सासरे उंबऱ्यात बसून म्हणाले, वाच.
पिठाच्या हातानं पान उलटलं, वाचलं.
ते ऐकत राहिले, म्हशीकडं बघत.

"चाळीस न्हाई," म्हणाले,
"पन्नास. घड्याळ माझ्यापाशी हुतं."

चाळीस खोडून पन्नास केले.
खोडाखोडीपाशी सही लागते; त्यांनी केली,
पानाला पीठ लागलंय तिथंच.

शेऱ्याचा रकाना मोकळा आहे अजून.
आज दऱ्याप्पाची पाळी, दुपारी दोनला.